मोशे बेन मैमोन : फुस्तातच्या ज्यू समाजाचा आधारवड

मध्ययुगातील थोर ज्यू धर्मपंडित, कायदेतज्ज्ञ आणि वैद्य मोशे बेन मैमोन यांचे १३ डिसेंबर १२०४ रोजी इजिप्तमधील फुस्तात या नगरात निधन झाले. युरोप त्यांना मैमोनिडीस या नावाने ओळखतो, तर अरबी ग्रंथांत त्यांचा उल्लेख मूसा इब्न मैमून असा येतो. ज्यू समाजात मात्र त्यांच्या नावाच्या आद्याक्षरांवरून तयार झालेले राम्बाम हे नाव रूढ आहे. मराठी कानाला ते रामबाणाच्या जवळचे वाटेल, आणि एका नामांकित वैद्याला ते शोभूनही दिसते.

तत्त्वज्ञ म्हणून त्यांची कीर्ती जगभर आहे. विद्यापीठांतून त्यांचे ग्रंथ अभ्यासले जातात. तथापि, आयुष्याची जवळजवळ चाळीस वर्षे त्यांनी एका मुस्लिमबहुल देशात, मुस्लिम राज्यकर्त्यांच्या छत्राखाली, एका लहानशा अल्पसंख्य समाजाची घडी बसविण्यात घालवली, ही गोष्ट तुलनेने कमी परिचित आहे. कैद्यांची सुटका, गरिबांची भाकरी, परित्यक्तेची दाद आणि प्रार्थनामंदिरातील गोंगाट असे विषय त्यांच्या टेबलावर रोज येत असत. हा लेख प्रामुख्याने त्या कामाविषयी आहे.

कोर्दोबा ते फुस्तात

मोशे यांचा जन्म स्पेनमधील कोर्दोबा येथे इ. स. ११३८ च्या सुमारास झाला. त्यांचे वडील मैमोन हे तेथील ज्यू न्यायसभेचे न्यायाधीश होते. अंदालुसिया या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या प्रदेशात त्या काळी अरबी ही विद्येची भाषा होती आणि ज्यू पंडितही तिच्यातच गणित, वैद्यक आणि तर्कशास्त्र शिकत. मुलाचे पहिले शिक्षण वडिलांकडेच झाले.

इ. स. ११४८ मध्ये उत्तर आफ्रिकेतून आलेल्या अल्मोहाद राजवटीने कोर्दोबा जिंकून घेतले. या राजवटीला ज्यू आणि ख्रिस्ती प्रजेला पूर्वापार मिळत आलेले संरक्षण मान्य नव्हते. धर्मांतर, देशत्याग किंवा मृत्यू यांपैकी एकाची निवड प्रजेपुढे ठेवण्यात आली. त्या वेळी मोशे अवघे दहा वर्षांचे होते. पुढील काही वर्षे हे कुटुंब दक्षिण स्पेनमध्ये गावोगाव भटकत राहिले आणि इ. स. ११६० च्या सुमारास मोरोक्कोतील फेझ शहरात पोहोचले. हे शहरही अल्मोहादांच्याच ताब्यात होते.

फेझमध्ये असताना तरुण मोशे यांनी लिहिलेले एक पत्र प्रसिद्ध आहे. तलवारीच्या धाकाने इस्लामची कबुली उच्चारणारा ज्यू हा ज्यू राहतच नाही आणि त्याने घरात गुपचूप केलेली प्रार्थनाही व्यर्थ आहे, असा निर्णय एका पंडिताने दिला होता. मोशे यांनी त्याचे सडेतोड खंडन केले. जुलमाने काढून घेतलेल्या शब्दांनी माणसाचा धर्म बदलत नाही, मात्र जेथे उघडपणे धर्म पाळता येईल अशा ठिकाणी निघून जाण्याची संधी मिळताच त्याने निघाले पाहिजे, असे त्यांचे म्हणणे होते. वयाची पंचविशीही जेमतेम ओलांडलेल्या माणसाची ही भूमिका होती. लोकांच्या अगतिकतेकडे दयेने पाहायचे, पण नियम सैल सोडायचा नाही, ही त्यांची पुढील आयुष्यातील रीत या पत्रात आधीच दिसते.

स्वतः मैमोन कुटुंब एप्रिल ११६५ मध्ये जहाजाने निघाले. वादळातून वाचत ते त्या वेळी क्रूसेडरांच्या ताब्यात असलेल्या अक्का बंदरात उतरले. जेरुसलेम आणि हेब्रॉनचे दर्शन घेऊन वर्षभरात त्यांनी इजिप्तची वाट धरली. पवित्र भूमीत त्या काळी ज्यू लोकवस्ती विरळ होती आणि चरितार्थाची साधने त्याहून विरळ होती.

येथे एका विसंगतीची नोंद करणे आवश्यक आहे. इजिप्तमध्ये कायमचे वास्तव्य करण्यास ज्यू धर्मशास्त्राची मनाई आहे आणि ही मनाई मोशे यांनी पुढे आपल्या कायदेग्रंथातही नमूद केली. ती नमूद करताना ते स्वतः फुस्तातमध्येच राहत होते. शास्त्र आणि परिस्थिती यांच्यातील ही ओढाताण त्यांना पुस्तकातून शिकावी लागली नाही.

फुस्तातमधील समाज

त्या काळच्या इजिप्तवर फातिमी खलिफांची सत्ता होती. ज्यू आणि ख्रिस्ती प्रजाजन जिझिया कर भरत आणि त्या बदल्यात त्यांना जीविताचे संरक्षण व धर्मपालनाची मुभा मिळे. विवाह, घटस्फोट, वारसा अशा बाबींचा निवाडा ज्यू लोक आपल्या न्यायसभेत करू शकत. शासनाने मान्य केलेला एक प्रमुख संपूर्ण इजिप्तमधील ज्यूंच्या वतीने दरबारात उत्तरदायी असे. त्याला अरबीत रईस अल-यहूद, म्हणजे ज्यूंचा प्रमुख, म्हटले जाई.

पण हा समाज एकसंध मुळीच नव्हता. फुस्तातमध्ये दोन मोठी सिनेगॉग होती. एक पॅलेस्टाईनच्या परंपरेचे, तर दुसरे इराकच्या परंपरेचे. इ. स. ११७० च्या सुमारास येथे आलेला स्पेनचा प्रवासी बेंजामिन याने लिहून ठेवले आहे की, एका सिनेगॉगमध्ये तोराचे संपूर्ण वाचन एका वर्षात पूर्ण होते, तर दुसऱ्यात त्याला तीन वर्षे लागतात. याशिवाय तालमूदचे प्रामाण्य न मानणारा कराईट पंथ होता, आणि त्याचे अनुयायी श्रीमंत व दरबारात वजन असलेले होते. एकाच गल्लीत राहणाऱ्या, एकमेकांत सोयरिकी करणाऱ्या या लोकांचे धार्मिक पंचांग आणि शुद्धतेचे नियमही जुळत नसत.

या समाजाविषयी आज आपल्याला जे बारकाईने माहीत आहे, त्याचे श्रेय एका अडगळीच्या खोलीला आहे. देवाचे नाव असलेला कागद नष्ट करू नये, या समजुतीने फुस्तातच्या बेन एझ्रा सिनेगॉगमध्ये जुने कागद एका खोलीत टाकून दिले जात. तिला गेनिझा म्हणतात. इ. स. १८९६-९७ मध्ये केंब्रिजचे प्राध्यापक सॉलोमन शेख्टर यांनी तेथील जवळजवळ दोन लाख तुकडे इंग्लंडला नेले. त्यांत पंचनामे, हिशेब, विवाहकरार, व्यापाऱ्यांची पत्रे असा संसाराचा सारा पसारा होता, आणि खुद्द मोशे बेन मैमोन यांच्या हस्ताक्षरातील कागदही होते.

बिल्बेसचे कैदी

मोशे फुस्तातमध्ये स्थिरस्थावर होत होते, तोच नोव्हेंबर ११६८ मध्ये जेरुसलेमचा क्रूसेडर राजा अमालरिक याने इजिप्तवर स्वारी करून बिल्बेस हे नगर घेतले. तेथे मोठी कत्तल झाली आणि असंख्य स्त्री-पुरुषांना कैद करून नेण्यात आले. त्यांत ज्यूही होते. शत्रूच्या हाती लागू नये म्हणून वजीर शावर याने फुस्तातलाच आग लावल्याचे मुस्लिम इतिहासकार नमूद करतात.

कैद्यांना दाम मोजून सोडवून आणणे हे ज्यू धर्मात मोठे पुण्यकर्म मानले जाते. मोशे यांनी तर पुढे आपल्या ग्रंथात त्याला भुकेल्याला अन्न देण्याच्याही वर स्थान दिले, कारण कैदी हा भुकेला, तहानलेला, उघडा आणि जिवाच्या भीतीत असा सर्वच एकदम असतो. प्रश्न पैशाचा होता. भूमध्य समुद्रकाठच्या बंदरांत एका माणसाच्या सुटकेचा रूढ दर सुमारे ३३ दिनार होता, म्हणजे तिघांना शंभर. साध्या कुटुंबाचा महिन्याचा खर्च तेव्हा दोन दिनारांत भागत असे, हे लक्षात घेतले की या रकमेचे ओझे कळते.

इ. स. ११६९ च्या उन्हाळ्यात इजिप्तमधील ज्यू वस्त्यांना मोशे यांच्या सहीची पत्रे गेली. फुस्तातचे न्यायाधीश, ज्येष्ठ मंडळी आणि विद्यार्थी रात्रंदिवस सिनेगॉगमध्ये, बाजारात आणि घरांच्या दारोदार फिरून वर्गणी गोळा करीत असल्याचे आणि आधी स्वतःच्या ऐपतीप्रमाणे आपला वाटा देऊन मगच इतरांकडे हात पसरत असल्याचे त्यांनी या पत्रांत कळविले. गावोगावी पत्रे घेऊन जाणाऱ्यांजवळ जमलेली रक्कम देण्याची आणि तिचा लेखी हिशेब पाठविण्याची सूचनाही होती. परदेशातून येऊन जेमतेम तीन वर्षे झालेल्या, तिशीतील या माणसाच्या शब्दाला इजिप्तभर वजन आले ते येथूनच, असे मानण्यास जागा आहे.

याच वर्षी सलाहुद्दीन, ज्याला आपण सलादीन म्हणून ओळखतो, इजिप्तचा वजीर झाला. इ. स. ११७१ मध्ये त्याने फातिमी खिलाफत संपुष्टात आणली. त्या सुमारास ज्यूंचे प्रमुखपद मोशे यांच्याकडे आले. काही वर्षांनी ते प्रतिस्पर्ध्यांच्या हाती गेले आणि आयुष्याच्या अखेरच्या दशकात पुन्हा त्यांच्याकडे आल्याचे दिसते. मात्र पद असो वा नसो, लोक निवाड्यासाठी त्यांच्याच दारात येत राहिले.

नियम आणि माणसे

नव्या प्रमुखाने हाती घेतलेल्या सुधारणांमध्ये सर्वांत बोलकी सुधारणा प्रार्थनेची आहे. ज्यूंची मुख्य प्रार्थना प्रथम प्रत्येकाने मनात म्हणायची आणि नंतर ज्यांना ती पाठ नाही त्यांच्यासाठी पुरोहिताने ती मोठ्याने पुन्हा म्हणायची, अशी जुनी प्रथा होती. प्रत्यक्षात होत असे ते असे की, आपले म्हणून झाले की लोक भिंतीकडे वळून गप्पा मारत, थुंकत, उठून बाहेर जात. त्यांचे पाहून अशिक्षितही तेच करीत. शेजारच्या मशिदीत शिस्तीत रांगेने उभे राहणाऱ्या मुसलमानांना हे दृश्य पाहून ज्यूंची प्रार्थना म्हणजे थट्टा वाटे. मोशे यांनी दुसरी आवृत्तीच बंद केली. पुरोहिताने एकदाच मोठ्याने म्हणावे आणि सर्वांनी त्याच्याबरोबर म्हणावे, असा दंडक त्यांनी घातला. तालमूदच्या स्पष्ट नियमाला बाजूला सारणारा हा निर्णय धाडसाचा होता. देवाच्या नावाची शेजाऱ्यांसमोर होणारी अप्रतिष्ठा टाळणे, हे त्याचे त्यांनी दिलेले कारण होते. इजिप्तमध्ये ही पद्धत सुमारे तीनशे वर्षे टिकली आणि सोळाव्या शतकात रब्बी डेव्हिड इब्न झिम्रा यांनी जुनी प्रथा पुन्हा सुरू केली.

इ. स. ११७६ मधील एक आदेश मात्र कठोर होता. कराईटांच्या प्रभावामुळे अनेक ज्यू स्त्रियांनी मासिक पाळीनंतर मिकवे या धार्मिक स्नानकुंडात बुडी मारण्याचे सोडून अंगावर पाणी ओतून घेण्याची पद्धत स्वीकारली होती. मोशे आणि त्यांच्या सहकारी न्यायाधीशांनी जाहीर केले की, जी स्त्री विधिपूर्वक स्नान करणार नाही तिचा विवाहकरारातील रकमेवरचा हक्क राहणार नाही. घटस्फोट किंवा वैधव्याच्या प्रसंगी ही रक्कम हाच स्त्रीचा एकमेव आधार असे. धर्माच्या एकोप्यासाठी पोटावर ठेवलेले हे बोट होते. आजच्या वाचकाला ते खटकेल आणि खटकावेच. परंतु पंथभेदांनी विरघळू पाहणाऱ्या समाजाची सीमारेषा कोठे आखावी, हा त्यांच्यापुढचा प्रश्नही काल्पनिक नव्हता.

दुसरा एक आदेश नेमका उलट, स्त्रियांच्या पाठीशी उभा राहणारा आहे. फुस्तात हे भारत आणि भूमध्य समुद्र यांच्या दरम्यानच्या व्यापाराचे नाके होते. परदेशातून आलेले व्यापारी येथे लग्न करीत आणि एके दिवशी निघून जात. मागे राहिलेली स्त्री ना सधवा, ना विधवा अशी लोंबकळत राही, कारण नवऱ्याने लिहून दिलेल्या घटस्फोटपत्राखेरीज तिला मोकळीक नव्हती. मोशे यांच्या न्यायसभेने ठरविले की, परक्या माणसाने आपण अविवाहित असल्याचा पुरावा द्यावा किंवा शपथ घ्यावी, तरच त्याचा विवाह लावला जाईल. शिवाय इजिप्तमध्ये विवाह केलेल्या परदेशी माणसाला बाहेरगावी जायचे असेल, तर ठराविक मुदतीत न परतल्यास लागू होईल असे घटस्फोटपत्र पत्नीच्या हाती देऊनच त्याने निघावे.

लोक कागदावर प्रश्न लिहून आणीत आणि मोशे त्याच कागदाच्या खालच्या कोऱ्या जागेत दोन-चार ओळींत उत्तर लिहून देत. अशी शेकडो उत्तरे उपलब्ध आहेत. त्यांतील एका शिक्षिकेचे प्रकरण आवर्जून सांगण्यासारखे आहे. बालपणीच लग्न झालेल्या या स्त्रीचा नवरा वर्षानुवर्षे परगावी असे आणि घरी खर्चही देत नसे. तिने पवित्र ग्रंथाचे ज्ञान मिळविले आणि आधी भावाबरोबर, नंतर मुलाच्या मदतीने मुलांची शाळा चालवून कुटुंब पोसले. मग नवरा परतला. शाळेत मुलांचे वडील येत-जात असल्याने आपली अब्रू जाते, असे सांगून त्याने शाळा बंद करण्याची मागणी केली, नाहीपेक्षा दुसऱ्या लग्नाची परवानगी मागितली. प्रकरण दोन्ही बाजूंनी मोशे यांच्याकडे आले.

शास्त्र नवऱ्याच्या बाजूचे होते. पत्नीला असे काम करण्यास तो मना करू शकत होता, आणि मोशे यांनी तसे स्पष्ट लिहिलेही. तिच्या संमतीवाचून दुसरे लग्न करण्यास मात्र त्यांनी नकार दिला. परंतु तिच्या बाजूने आलेल्या प्रश्नाला उत्तर देताना त्यांनी एक वाट दाखवून दिली. या नवऱ्याबरोबर संसार करण्यास आपण तयार नाही, असे तिने न्यायसभेपुढे सांगावे. मग नवऱ्याला घटस्फोट देण्यास भाग पाडता येईल. आर्थिक हक्क गमवावे लागतील, पण ती स्वतःची मालकीण होईल आणि हव्या त्या मुलांना शिकवू शकेल. निवाड्याचा शब्द न मोडता निवाड्यातून दार काढून देणारा हा न्यायाधीश होता. त्या शिक्षिकेने ते दार ओलांडले किंवा नाही, याचा कागद हाती आलेला नाही.

समुद्राने नेलेला भाऊ

धर्मज्ञानावर पोट भरणे मोशे यांना मान्य नव्हते. पंडिताने वर्गणीवर जगावे यात त्यांना देवाच्या नावाची विटंबना दिसे, आणि हे त्यांनी इतक्या तिखट शब्दांत लिहिले की अनेक धर्मगुरू दुखावले गेले. सुरुवातीची वर्षे त्यांचा भार धाकटा भाऊ डेव्हिड याने उचलला. तो रत्नांचा व्यापारी होता.

डेव्हिडने तांबड्या समुद्रावरील ऐधाब बंदरातून भावाला लिहिलेले पत्र गेनिझात सापडले आहे. नाईल नदीकाठच्या कूस गावाहून वाळवंट ओलांडताना तो तांड्याची वाट न पाहता एका सोबत्यासह पुढे निघाला होता. हे अविचाराचे होते, हे त्याने स्वतःच कबूल केले आहे. गंमत अशी की तो सुखरूप पोहोचला आणि मागून आलेला तांडा मात्र लुटला गेला. बंदरात नीळ सोडून विकत घेण्यासारखा माल नसल्याने आपण समुद्रमार्गे पुढे भारताकडे जात असल्याचे त्याने कळविले, आणि वाळवंटातून ज्याने तारले तो समुद्रातूनही तारील, असा धीर भावाला दिला.

जहाज हिंदी महासागरात बुडाले. डेव्हिडबरोबर त्याचे, मोशे यांचे आणि इतरांचेही द्रव्य गेले. मागे त्याची विधवा आणि लहान मुलगी राहिली. ती बातमी ऐकल्यापासून मोशे सुमारे वर्षभर ताप आणि गळवांनी अंथरुणाला खिळून होते. सुमारे आठ वर्षांनी अक्का येथील एका परिचिताला लिहिलेल्या पत्रातही भावाचे हस्ताक्षर दिसले की मन कालवते, असे त्यांनी नमूद केले आहे. ज्या मुलाला त्यांनी मांडीवर खेळविले, जो त्यांचा विद्यार्थी होता आणि ज्याच्या कमाईमुळे त्यांना निश्चिंतपणे ग्रंथ लिहिता आले, तो गेला होता.

यानंतर मोशे यांनी वैद्यकाला उपजीविकेचे साधन केले. सलाहुद्दीनचा विश्वासू मंत्री अल-कादी अल-फादिल याने त्यांना आश्रय आणि वेतन दिले.

ग्रंथ आणि पत्रे

या धावपळीत त्यांनी दहा वर्षे खपून, इ. स. ११७८ च्या सुमारास, मिश्ने तोरा हा चौदा भागांचा महाग्रंथ पूर्ण केला. ज्यू धर्मशास्त्रातील अफाट आणि विखुरलेले नियम त्यांनी सोप्या हिब्रूत विषयवार लावले. ज्या गावात मोठा पंडित नाही, तेथील न्यायाधीशालाही उत्तर सापडावे, हा हेतू होता. आधार न देता थेट निर्णय लिहिल्याबद्दल टीकाही भरपूर झाली आणि बगदादच्या विद्यापीठाचे प्रमुख शमुएल बेन एली यांच्याशी त्यांचा वाद दीर्घकाळ चालला.

या ग्रंथातील दानधर्माचा भाग फुस्तातच्या अनुभवाने भारलेला आहे. गरिबांसाठी सार्वजनिक निधी नसलेली ज्यू वस्ती आपण पाहिली नाही आणि ऐकलीही नाही, असे ते सांगतात. फुस्तातमध्ये आठवड्यातून दोनदा गरजूंना भाकऱ्या वाटल्या जात आणि त्यांच्या याद्या गेनिझात मिळाल्या आहेत. दानाच्या आठ पायऱ्या त्यांनी सांगितल्या. त्यांतील सर्वांत वरची पायरी म्हणजे माणसाला कर्ज, भागीदारी किंवा काम देऊन त्याच्यावर हात पसरण्याची वेळच येऊ न देणे.

इजिप्तबाहेरही त्यांचा आधार शोधला जाई. इ. स. ११७२ च्या सुमारास येमेनच्या ज्यूंवर धर्मांतराची सक्ती झाली आणि त्याच वेळी तेथे एक जण स्वतःला मसीहाचा अग्रदूत म्हणवू लागला. घाबरलेल्या समाजाला मोशे यांनी स्त्रिया आणि मुलांनाही समजावे म्हणून अरबीत सविस्तर पत्र लिहिले. धीर धरण्यास सांगतानाच भोंदू मसीहाच्या नादी लागून सत्ताधाऱ्यांचा कोप ओढवून घेऊ नये, असे त्यांनी बजावले. येमेनच्या ज्यूंनी पुढे आपल्या प्रार्थनेत त्यांचे नाव गुंफले.

इस्लामविषयी त्यांचे मत एकरंगी नव्हते. मुसलमानांच्या हातून झालेला छळ त्यांनी भोगला होता आणि येमेनच्या पत्रात त्याची कडवट नोंदही आहे. तरीही ओबाद्या या धर्मांतरित ज्यूने विचारले असता, मुसलमान हे मूर्तिपूजक नाहीत, त्यांचे एकेश्वरत्व निर्भेळ आहे, असे त्यांनी निःसंदिग्धपणे कळविले. ओबाद्याच्या गुरूने याच मुद्द्यावरून त्याला मूर्ख ठरविले होते. त्या गुरूने शिष्याची क्षमा मागावी, असेही त्यांनी लिहिले. इ. स. ११९० च्या सुमारास पूर्ण झालेला, संभ्रमितांना वाट दाखविणारा त्यांचा तत्त्वज्ञानाचा ग्रंथ अरबी भाषेत पण हिब्रू लिपीत आहे, आणि त्यात अल-फाराबीसारख्या मुस्लिम तत्त्वज्ञांचे ऋण मोकळेपणाने दिसते.

जुन्या भूतकाळाने एकदा त्यांना गाठलेच. इतिहासकार इब्न अल-किफ्ती याने लिहिले आहे की, पश्चिमेकडून आलेल्या एका मुस्लिम पंडिताने मोशे यांना ओळखले आणि तेथे इस्लाम स्वीकारून नंतर तो सोडल्याचा आरोप केला. या गुन्ह्याला देहदंड होता. अल-कादी अल-फादिल याने निर्णय दिला की, सक्तीने केलेले धर्मांतर कायद्याने ग्राह्य धरता येत नाही. फेझमधील तरुणाने आपल्या पत्रात ज्यू धर्मशास्त्राच्या आधारे जे मांडले होते, तेच अनेक वर्षांनी एका मुस्लिम न्यायाधीशाने इस्लामी कायद्याच्या आधारे सांगितले.

अखेरची वर्षे

इ. स. ११९९ मध्ये फ्रान्सच्या दक्षिणेकडील शमुएल इब्न तिब्बोन या भाषांतरकाराने भेटीस येण्याची इच्छा कळविली. उत्तरादाखल मोशे यांनी आपला दिनक्रम लिहून पाठविला. रोज पहाटे कैरोला सुलतानाच्या वाड्यावर जायचे. तेथे राजकुटुंबातील किंवा अधिकाऱ्यांपैकी कोणी आजारी असले, तर दिवस तेथेच जातो. भुकेने कासावीस होऊन घरी परतावे, तर ओसरीत मुसलमान व ज्यू, न्यायाधीश व शिपाई, मित्र व शत्रू यांची गर्दी. त्यांची क्षमा मागून चार घास खायचे. चोवीस तासांतील जेवण ते एवढेच. मग रात्र पडेपर्यंत रुग्ण तपासायचे, अखेर थकव्याने आडवे होऊनच औषधे सांगायची. शब्बाथच्या दिवशी सकाळच्या प्रार्थनेनंतर सारा समाज घरी येतो. आठवड्यात काय करायचे ते ठरते आणि दुपारपर्यंत अध्ययन चालते. एकांतात तासभर चर्चा करण्याची आशा धरून येऊ नये, असे त्यांनी पाहुण्याला प्रांजळपणे कळविले. स्वतः भाषांतराच्या कामात असणाऱ्यांना हे पत्र वाचून त्या भाषांतरकाराविषयी थोडी कणव वाटल्याशिवाय राहत नाही.

फ्रान्समधील लुनेल गावाच्या पंडितांना याच सुमारास लिहिलेल्या पत्रात भारताचा एक त्रोटक उल्लेख येतो. भारतातील ज्यूंना लेखी धर्मशास्त्राचे ज्ञान नाही, ते केवळ शब्बाथ आणि आठव्या दिवशीची सुंता एवढेच पाळतात, अशा आशयाचे ते वाक्य आहे. शनिवारी घाणा बंद ठेवीत असल्याने शनवार तेली या नावाने ओळखल्या गेलेल्या कोकणातील बेने इस्राएल समाजाच्या इतिहासाची चर्चा करताना या उल्लेखाकडे नेहमी बोट दाखविले जाते. या समाजाला हरवलेल्या धर्मविधींची पुन्हा ओळख करून देणारा डेव्हिड राहाबी म्हणजे बुडून मेला असे समजला गेलेला मोशे यांचा भाऊच, अशीही एक समजूत आहे. तिला ऐतिहासिक आधार नाही. पण कोकणच्या किनाऱ्यावर तो भाऊ जिवंत पोहोचल्याची कल्पना कोणाला तरी करावीशी वाटली, हे समजण्यासारखे आहे.

मोशे यांच्या निधनानंतर त्यांचे पार्थिव गॅलिली सरोवराकाठच्या तिबेरियास येथे नेण्यात आले, अशी परंपरा असून तेथील त्यांच्या समाधीला आजही भाविक भेट देतात. त्यांचा एकुलता एक मुलगा अब्राहाम त्या वेळी अठरा वर्षांचा होता. समाजाचे प्रमुखपद त्याच्याकडे आले आणि पुढे जवळजवळ दोनशे वर्षे ते याच घराण्यात राहिले.

इ. स. १९४८ मध्ये इजिप्तमध्ये सुमारे ७५ ते ८० हजार ज्यू राहत होते. अरब-इस्रायल युद्धे, हकालपट्टी आणि मालमत्तेची जप्ती यांमुळे पुढील दोन दशकांत बहुतेकांनी देश सोडला. कैरोमधील मोशे यांच्या नावाचे सिनेगॉग इजिप्त सरकारने इ. स. २०१० मध्ये, तर बेन एझ्रा सिनेगॉग इ. स. २०२३ मध्ये दुरुस्त करून घेतले. बेन एझ्रा पाहण्यासाठी पर्यटक येतात. सार्वजनिक प्रार्थनेला किमान दहा प्रौढ पुरुष लागतात. तेवढे स्थानिक ज्यू पुरुष आता कैरोमध्ये उरलेले नाहीत.